व्यक्तिनिष्ठ अनुबोधपट आणि राज्यसंस्था : एस. सुखदेव यांच्या चित्रपटनिर्मितीचा ऐतिहासिक अभ्यास (१९५८ ते १९७९)

प्रस्तावना

भारतीय चित्रपटाच्या इतिहासलेखनात कथापटाला जे स्थान लाभले ते अनुबोधपटाला लाभलेले नाही. चित्रगृहात मुख्य चित्रपटापूर्वी दाखविली जाणारी सरकारी फीत, एवढीच त्याची ओळख प्रेक्षकांच्या अनेक पिढ्यांच्या मनात राहिली. या समजामुळे अनुबोधपटाचा इतिहास दोन ठोकळ भागांत विभागला गेला. एकीकडे शासनाने निर्मिलेला, निवेदनाने भारलेला प्रचारपट आणि दुसरीकडे स्वतंत्र दिग्दर्शकाचा, व्यक्तिगत दृष्टी असलेला, प्रयोगशील आणि म्हणूनच सत्ताविरोधी चित्रपट, अशी ही विभागणी आहे. ती सोयीची असली तरी इतिहासाच्या कसोटीवर पूर्णतः टिकत नाही. भारतातील व्यक्तिनिष्ठ आणि प्रयोगशील अनुबोधपटाचा पहिला लक्षणीय बहर शासकीय यंत्रणेच्या आतच आला आणि त्यातील काही प्रयोगशील हातांनीच पुढे सत्तेचे समर्थन केले.

या गुंतागुंतीचे सर्वांत बोलके उदाहरण म्हणजे एस. सुखदेव (१९३३-१९७९) होत. १९६७ मध्ये ‘इंडिया ६७’ हा निवेदनविरहित चित्रपट करणारे सुखदेव १९७६ मध्ये आणीबाणीचे समर्थन करणारा ‘थंडर ऑफ फ्रीडम’ करतात. या दोन चित्रपटांमधील अंतर केवळ व्यक्तीच्या मतपरिवर्तनाने स्पष्ट होते काय, की त्यांच्या शैलीतच या परिवर्तनाची बीजे होती, हा प्रस्तुत लेखाचा मुख्य प्रश्न आहे. त्याच्या उत्तरासाठी सुखदेव यांच्या निवडक चित्रपटांचा, त्यांच्या समकालीनांचा आणि त्या काळातील शासकीय चित्रपटव्यवस्थेचा एकत्रित विचार येथे केला आहे.

शासकीय अनुबोधपटाची चौकट

व्यक्तिगत जिज्ञासेतून प्रत्यक्षाचे चित्रण करण्याची परंपरा भारतात, विशेषतः महाराष्ट्रात, शासकीय यंत्रणेपेक्षा जुनी आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचे चित्रण केले. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) हाती घेण्यापूर्वी कुंडीतील वाटाण्याचे रोप उगवताना टप्प्याटप्प्याने चित्रित केले होते. हे प्रयत्न घरगुती आणि स्वयंप्रेरित होते. अनुबोधपट संघटित झाला तो मात्र दुसऱ्या महायुद्धाच्या निमित्ताने. १९४० मध्ये ब्रिटिश शासनाने फिल्म अ‍ॅडव्हायझरी बोर्ड स्थापन केले. त्यानंतर १९४३ मध्ये इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया ही संस्था आली आणि त्याच वर्षी भारत संरक्षण नियमांखाली शासनमान्य लघुपट दाखविणे चित्रगृहांना बंधनकारक झाले. १९४६ मध्ये ही संस्था बंद पडली. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली आणि सक्तीची तरतूद परवान्याच्या अटींच्या रूपाने परत आली. वसाहतकालीन युद्धप्रचाराची साधने अशा रीतीने राष्ट्रउभारणीच्या कामी लागली.

या व्यवस्थेने अनुबोधपटाचे केवळ विषयच नव्हे, तर त्याचे रूपही ठरविले. चित्रगृहांत दाखवावयाच्या मान्यताप्राप्त फितीची कमाल मर्यादा सुमारे २००० फूट, म्हणजे साधारण २० ते २२ मिनिटे होती. साहजिकच १० ते २० मिनिटांचा लघुपट हा प्रमाण आकार ठरला. त्याहून महत्त्वाचा परिणाम भाषेच्या प्रश्नामुळे झाला. एकच चित्रपट अनेक भारतीय भाषांत दाखवावयाचा असल्याने पडद्यावरील व्यक्तींना स्वतःच्या भाषेत बोलू देणे गैरसोयीचे होते. त्याऐवजी दृश्ये तीच ठेवून त्यांवर प्रत्येक भाषेतील निवेदन चढविणे सोपे व स्वस्त होते. शेतकरी, कामगार, धरणावरील मजूर पडद्यावर दिसत राहिले, परंतु त्यांच्या वतीने बोलणारा आवाज नेहमी एकच, अदृश्य आणि अधिकारवाणीचा राहिला. शासकीय अनुबोधपटातील निवेदनाचा हा वरचष्मा विचारसरणीइतकाच कारखानदारी पद्धतीच्या वितरणाचाही परिणाम होता. निवेदन काढून टाकणे ही त्यामुळे केवळ शैलीची निवड उरत नव्हती. तो साऱ्या व्यवस्थेच्या मुळाशी जाणारा निर्णय होता.

सुखदेव यांची जडणघडण

सुखदेव यांचा जन्म १९३३ मध्ये देहरादून येथे झाला. मुंबईत आल्यानंतर त्यांनी पॉल झिल्स यांच्याकडे साहाय्यक म्हणून उमेदवारी केली. झिल्स हे मूळचे जर्मन चित्रपटकर्मी. महायुद्धकाळात ते भारतात नजरकैदेत होते. सुटकेनंतर त्यांनी येथेच अनुबोधपटनिर्मिती सुरू केली आणि फली बिलिमोरिया यांच्यासह स्वतंत्र अनुबोधपटाची चळवळ उभी करण्याचा प्रयत्न केला. शासकीय नोकरीत नसलेला, परंतु शासनाच्या व खाजगी उद्योगांच्या मागणीवर जगणारा असा निर्मात्यांचा एक वर्ग १९५० च्या दशकात मुंबईत तयार झाला होता. सुखदेव याच वर्गातून पुढे आले. ते फिल्म्स डिव्हिजनचे पगारी नोकर नव्हते, बाहेरून काम घेणारे निर्माते होते, हे त्यांच्या पुढील वाटचालीच्या दृष्टीने ध्यानात ठेवावे लागते. त्यांना जे स्वातंत्र्य होते तेही आणि जे परावलंबन होते तेही याच स्थानातून आले.

विनोबा भावे यांच्या भूदान चळवळीवरील ‘द सेंट अँड द पेझंट’ (१९५८) हा त्यांचा आरंभीचा चित्रपट. जमिनीच्या विषम वाटपाचा प्रश्न सत्याग्रही मार्गाने सोडवू पाहणारा संत आणि त्याच्यामागून जाणारा शेतकरी हा विषय नेहरूकालीन आशावादाशी सुसंगत होता. सात वर्षांनी आलेल्या ‘अँड माइल्स टु गो’ (१९६५) या चित्रपटात तो आशावाद ओसरलेला दिसतो. श्रीमंती आणि दारिद्र्य यांची दृश्ये एकमेकांवर आदळावीत अशा रीतीने येथे जोडलेली आहेत. युक्तिवाद निवेदनात नाही, तो संकलनात आहे. दोन दृश्यांच्या जोडणीतून उमटणारा संताप हीच दिग्दर्शकाची स्वाक्षरी ठरते. चीनबरोबरचे १९६२ चे युद्ध, १९६४ मधील पंडित नेहरूंचे निधन आणि त्या वर्षांतील अन्नधान्याची टंचाई या पार्श्वभूमीवर या संतापाकडे पाहिले पाहिजे.

‘इंडिया ६७’ आणि प्रयोगाचा काळ

१९६० च्या दशकाच्या मध्यास फिल्म्स डिव्हिजनमध्ये जो मोकळेपणा आला त्याचे श्रेय बऱ्याच अंशी जाँ भावनगरी यांना दिले जाते. १९५० च्या दशकात या संस्थेत काम करून ते पॅरिसला युनेस्कोमध्ये गेले होते. १९६५ मध्ये त्यांना पुन्हा बोलावून घेण्यात आले. इंदिरा गांधी तेव्हा माहिती व नभोवाणी मंत्री होत्या. शासकीय माध्यमांच्या कामगिरीची चिकित्सा करण्यासाठी नेमलेल्या चंदा समितीचे कामही याच सुमारास सुरू होते. निवेदनबंबाळ लघुपटांना प्रेक्षक कंटाळले आहेत, हे आता यंत्रणेलाही अमान्य करता येत नव्हते. प्रयोगाला वाव मिळाला तो या संदर्भात. तो शासनाने दिलेला वाव होता आणि आपली विश्वासार्हता परत मिळविण्याची शासनाची गरज त्यामागे होती.

या काळात चित्रकार एम. एफ. हुसेन यांनी ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ (१९६७) हा राजस्थानातील दृश्यांचा चित्रपट फिल्म्स डिव्हिजनसाठी केला. बर्लिनच्या महोत्सवात त्याला लघुपटाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. याच वर्षी सुखदेव यांचा ‘इंडिया ६७’ आला. ‘अ‍ॅन इंडियन डे’ या नावानेही तो ओळखला जातो. सुमारे एक तासाचा हा चित्रपट चित्रगृहांतील ठरावीक लघुपटाच्या साच्यात बसणारा नव्हता. स्वातंत्र्याला वीस वर्षे झाल्यानंतरचा देश दाखविताना अशा प्रसंगी अपेक्षित असलेले प्रगतीचे आकडे, नेत्यांची भाषणे आणि समारोपाचा संदेश यांना सुखदेव यांनी फाटा दिला. निवेदन नाही. वाळवंट, खेडे, महानगर, कारखाना, देवालय, रस्ता यांची दृश्ये ध्वनी आणि संगीत यांच्या आधाराने एकामागून एक येतात. त्यांचा अर्थ लावण्याचे काम प्रेक्षकावर सोपविलेले आहे.

या चित्रपटाविषयी सत्यजित राय यांनी केलेले निरीक्षण मर्मग्राही आहे. गरिबी आणि श्रीमंती यांच्या ठळक, ठोसेबाज विरोधाभासांपेक्षा त्यांना त्यातील बारीकसारीक तपशील अधिक मोलाचे वाटले. तापलेल्या वाळूवरून चालणारा किडा, उभ्या सायकलीवर मूत्रविसर्जन करणारे रस्त्यावरील कुत्रे, वादकाच्या नाकाच्या शेंड्यावर लोंबणारा घामाचा थेंब अशा क्षणांकडे त्यांनी लक्ष वेधले. राय यांचा हा अभिप्राय केवळ रसग्रहणाचा भाग म्हणून वाचू नये. सुखदेव यांच्या शैलीतील दोन भिन्न प्रवृत्ती त्यातून वेगळ्या होतात. पहिली प्रवृत्ती पाहण्याची आहे. तिच्यात कॅमेरा थांबतो आणि समोरची वस्तू कोणत्याही सिद्धान्ताचे उदाहरण न होता स्वतःचे अस्तित्व टिकविते. दुसरी प्रवृत्ती ठासून सांगण्याची आहे. तिच्यात दोन दृश्ये परस्परांविरुद्ध उभी करून निर्णय आधीच दिलेला असतो. ‘इंडिया ६७’ मध्ये या दोन्ही प्रवृत्ती एकत्र नांदतात. पुढील दशकात त्यांपैकी दुसरी प्रबळ होत गेली.

समकालीनांशी तुलना

व्यक्तिगत दृष्टी अनेक प्रकारची असू शकते, हे समकालीनांच्या कामावरून लक्षात येते. फिल्म्स डिव्हिजनच्याच एस. एन. एस. शास्त्री यांनी ‘आय अ‍ॅम २०’ (१९६७) मध्ये १९४७ साली जन्मलेल्या तरुण-तरुणींना त्यांच्या देशाविषयी बोलते केले. त्यात आशा आहे, तशीच उदासीनता आणि चीडही आहे. वजनाने हलक्या ध्वनिमुद्रण यंत्रांमुळे प्रत्यक्ष स्थळी मुलाखती घेणे आता सोपे झाले होते. परंतु सामान्य नागरिकाचे असंमत बोलणेही शासकीय चित्रपटात तसेच ठेवण्याचा निर्णय तंत्राचा नव्हता, तो दृष्टीचा होता. पुढच्याच वर्षी शास्त्री यांनी ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’ (१९६८) हा चित्रपट केला. येथे लघुपट करणारा स्वतःच्याच व्यवसायाकडे वळतो. हे चित्रपट कशासाठी, कोणासाठी, त्यांनी काय साधते, असे प्रश्न तुटक दृश्ये आणि उपरोध यांच्या साहाय्याने उभे राहतात.

प्रमोद पती यांनी तिसरी वाट धरली. प्राग येथे बाहुलीपटाचे शिक्षण घेतलेल्या पती यांच्या ‘एक्सप्लोरर’ (१९६८) मध्ये अतिवेगवान संकलन आणि अपारंपरिक ध्वनियोजना यांतून तरुण पिढीची धर्म व विज्ञान यांमधील घालमेल व्यक्त होते. त्याच वर्षीच्या ‘क्लॅक्सप्लोजन’ मध्ये त्यांनी हीच प्रयोगशीलता कुटुंबनियोजनाच्या प्रचारासाठी वापरली. रूप प्रयोगशील असले म्हणजे आशय सत्तेपासून दूर असतो असे नाही, याचा हा साधा पुरावा आहे.

या तिघांची तुलना केली असता एक भेद स्पष्ट होतो. शास्त्री यांच्या चित्रपटांत ‘मी’ हा शंकेचा विषय आहे. पती यांच्या चित्रपटांत तो रूपाच्या खेळात विरघळतो. सुखदेव यांच्या चित्रपटांत मात्र ‘मी’ हा नैतिक साक्षीदार आहे. त्याला अन्याय दिसतो, त्याची चीड येते आणि प्रेक्षकालाही ती यावी अशी त्याची मागणी असते. या साक्षीदाराचे सामर्थ्य त्याच्या निःसंशयपणात आहे. त्याची मर्यादाही तेथेच आहे.

युद्ध, संप आणि आणीबाणी

बांगलादेशाच्या मुक्तिसंग्रामावरील ‘नाइन मंथ्स टु फ्रीडम’ (१९७२) या चित्रपटात हा साक्षीदार त्याच्या सर्वोत्तम रूपात दिसतो. मार्च ते डिसेंबर १९७१ या काळातील अत्याचार आणि भारतात आलेल्या सुमारे १ कोटी निर्वासितांची परवड हा विषय थोपविलेल्या भावनेने मांडता येण्यासारखा नव्हता. येथे दिग्दर्शकाची करुणा, प्रेक्षकांची भावना आणि शासनाची भूमिका एकाच दिशेला होती. सुखदेव यांना शासनाशी तडजोड करावी लागली नाही, कारण तडजोडीचे कारणच नव्हते. परंतु या एकरूपतेतच पुढील धोका दडलेला होता. राष्ट्र आणि शासन यांतील भेद पुसट झाल्यास शासनावरील टीका ही राष्ट्रावरील टीका वाटू लागते.

१९७४ च्या मे महिन्यात जॉर्ज फर्नांडिस यांच्या नेतृत्वाखाली रेल्वे कामगारांचा देशव्यापी संप झाला. ८ मे रोजी सुरू झालेला हा संप शासनाने कठोरपणे हाताळला आणि २७ मे रोजी तो मागे घेण्यात आला. सुखदेव यांचा ‘व्हॉइस ऑफ द पीपल’ (१९७४) हा चित्रपट संपाच्या विरोधात उभा राहतो. लोकांचा आवाज असे नाव धारण करणारा चित्रपट कामगारांच्या संघटित आवाजाविरुद्ध जावा, हा विरोधाभास लक्षणीय आहे. ज्या दिग्दर्शकाने दहा वर्षांपूर्वी विषमतेविरुद्ध संताप व्यक्त केला होता, त्याला आता विषमतेविरुद्ध उभे राहिलेले कामगारच देशाच्या मार्गातील अडथळा वाटू लागले.

२५ जून १९७५ रोजी आणीबाणी जाहीर झाली. ती २१ मार्च १९७७ पर्यंत राहिली. वृत्तपत्रांवर पूर्वनियंत्रण आले, ‘किस्सा कुर्सी का’ या चित्रपटाच्या प्रती नष्ट करण्यात आल्या आणि शासकीय माध्यमे सर्वस्वी सत्ताधाऱ्यांच्या ताब्यात गेली. या काळात फिल्म्स डिव्हिजनने आणीबाणीच्या समर्थनार्थ अनेक लघुपट काढले. सुखदेव यांचा ‘थंडर ऑफ फ्रीडम’ (१९७६) त्यांपैकी एक होय.

या वळणाचे स्पष्टीकरण केवळ संधिसाधूपणा असे देणे अपुरे आहे. ‘अँड माइल्स टु गो’ पासून सुखदेव यांच्या चित्रपटांत एक अधीरता सातत्याने आढळते. दारिद्र्य, अस्वच्छता, अंधश्रद्धा, दिरंगाई हे सर्व असह्य आहे आणि ते तत्काळ बदलले पाहिजे, हा त्यांच्या संकलनाचा सूर आहे. विरोधाभासाची शैली प्रश्न तीव्र करते, पण बदल कोण व कोणत्या मार्गाने करणार याबद्दल ती मौन बाळगते. १९७५ मध्ये ते मौन शिस्तीच्या घोषणेने भरून काढले. बदलाची घाई असलेल्या साक्षीदाराला निर्णायक सत्ता ही आपल्याच संतापाचे उत्तर वाटणे अस्वाभाविक नव्हते. त्या काळातील सुशिक्षित मध्यमवर्गाच्या मोठ्या भागाची मनःस्थितीही याहून फारशी निराळी नव्हती. या अर्थाने सुखदेव यांचा प्रवास एका व्यक्तीचा असूनही एका वर्गाचा इतिहास सांगतो.

दुसरी परंपरा

याच वर्षांत अनुबोधपटाची एक वेगळी परंपरा आकार घेत होती. मुंबईचे आनंद पटवर्धन यांनी जयप्रकाश नारायण यांच्या बिहारमधील आंदोलनाचे चित्रण करून ‘क्रांति की तरंगें’ हा चित्रपट तयार केला. साधने अत्यंत तुटपुंजी होती. काही भाग सुपर ८ या हौशी मापाच्या फितीवर घेऊन पडद्यावर प्रक्षेपित केला गेला आणि त्यावरून पुन्हा १६ मिलिमीटर फितीवर उतरविला गेला. आणीबाणी जाहीर झाल्यावर चित्रपटाची प्रत तुकड्यांनी देशाबाहेर पाठविण्यात आली व तेथे पुन्हा जोडली गेली. राजकीय कैद्यांवरील त्यांचा ‘प्रिझनर्स ऑफ कॉन्शन्स’ (१९७८) आणीबाणीनंतर आला.

सुखदेव आणि पटवर्धन यांच्यात संतापाचा भेद नाही, तो दोघांतही आहे. भेद निर्मितीच्या संबंधांत आहे. सुखदेव यांचा चित्रपट शासनाच्या मागणीवर आणि शासनाच्या वितरणजाळ्यावर अवलंबून होता. त्यामुळे तो देशभरातील चित्रगृहांपर्यंत पोचू शकत होता. पटवर्धन यांचा चित्रपट वस्त्या, महाविद्यालये, कामगार संघटना यांच्या छोट्या बैठकांत दाखविला गेला. त्याचा प्रेक्षक कमी, परंतु त्याला बोलू देणारा होता. तथापि दुसऱ्या परंपरेचा गौरव करताना पहिलीचे ऋण विसरता येत नाही. निवेदनाशिवाय दृश्य बोलू शकते आणि अनुबोधपटावर दिग्दर्शकाची स्वाक्षरी असू शकते, हे भारतीय प्रेक्षकाला दाखवून देण्यात सुखदेव व त्यांच्या समकालीनांचा मोठा वाटा आहे.

उत्तरकाळ आणि संग्रहाचा प्रश्न

१ मार्च १९७९ रोजी वयाच्या अवघ्या ४५ व्या वर्षी सुखदेव यांचे निधन झाले. आणीबाणीनंतरच्या आत्मपरीक्षणाला त्यांना पुरेसा अवधी मिळाला नाही. ते काम एका परीने त्यांच्या कन्या शबनम सुखदेव यांनी ‘द लास्ट अ‍ॅड्यू’ (२०१३) या चित्रपटातून पुढे नेले. वडिलांशी दुरावलेले नाते, त्यांचे चित्रपट आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या आठवणी यांतून त्या वडिलांचा शोध घेतात. हा चित्रपट फिल्म्स डिव्हिजननेच निर्मिला, ही बाब अर्थपूर्ण आहे. ज्या संस्थेच्या पडद्यावर वडिलांनी देशाविषयी निःशंकपणे बोलले, त्याच संस्थेच्या पडद्यावर मुलीने वडिलांविषयी शंका उपस्थित केल्या. व्यक्तिनिष्ठ अनुबोधपटाचा केंद्रबिंदू राष्ट्राकडून कुटुंबाकडे आणि साक्षीकडून शंकेकडे सरकल्याचे येथे दिसते.

हे शक्य झाले ते मूळ फिती जतन झाल्यामुळे. फिल्म्स डिव्हिजनचे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीनीकरण करण्याचा निर्णय डिसेंबर २०२० मध्ये झाला आणि २०२२ मध्ये तो अमलात आला. त्या वेळी अनेक चित्रपटकर्मींनी संग्रहाच्या भवितव्याविषयी चिंता व्यक्त केली. इतिहासाच्या अभ्यासकांसाठी ही चिंता दूरची नाही. ‘इंडिया ६७’ आणि ‘थंडर ऑफ फ्रीडम’ हे दोन्ही चित्रपट सारखेच मोलाचे दस्तऐवज आहेत. पहिला गौरवास्पद म्हणून जपावा आणि दुसरा अडचणीचा म्हणून विसरावा, असा विवेक संग्रहाने केल्यास १९६७ पासून १९७६ पर्यंतचा प्रवास समजून घेण्याचे साधनच नष्ट होईल.

निष्कर्ष

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष संभवतात.

१. भारतातील शासकीय अनुबोधपटाचे निवेदनप्रधान रूप विचारसरणीइतकेच सक्तीचे वितरण, ठरावीक लांबी आणि बहुभाषिक आवृत्त्या यांच्या गरजेतून घडले. १९६५ नंतरच्या प्रयोगांनी या रूपाला शासकीय यंत्रणेच्या आतूनच छेद दिला.

२. व्यक्तिगत दृष्टी आणि प्रयोगशील रूप ही स्वतःहून सत्ताविरोधी नसतात. सुखदेव यांच्याबाबतीत संकलनाची एकच शैली १९६५ मध्ये सत्तेला अस्वस्थ करणारी, तर १९७६ मध्ये तिला उपकारक ठरली.

३. दिग्दर्शकाचा ‘मी’ किती प्रभावी आहे यापेक्षा तो स्वतःविषयी किती शंका घेतो आणि इतरांच्या असंमत आवाजाला किती जागा देतो, ही व्यक्तिनिष्ठ अनुबोधपटाची अधिक विश्वसनीय कसोटी होय. शास्त्री यांचे १९६७-६८ मधील दोन चित्रपट या कसोटीवर विशेष उतरतात.

४. सुखदेव यांचे कार्य गौरव आणि निषेध या दोन्ही टोकांपलीकडे जाऊन अभ्यासण्याजोगे आहे. त्यांच्या चित्रपटांत स्वातंत्र्योत्तर भारतातील सुशिक्षित वर्गाची करुणा, संताप, अधीरता आणि शरणागती या चारही अवस्था नोंदल्या गेल्या आहेत.

महाविद्यालयीन स्तरावर आधुनिक भारताचा इतिहास शिकविताना लिखित साधनांबरोबर या चित्रपटांचाही साधन म्हणून उपयोग होणे इष्ट आहे. मात्र विद्यार्थ्याला चित्रपटात काय दिसते एवढेच विचारून भागणार नाही. तो कोणाच्या पैशाने तयार झाला, कोणापर्यंत पोचला आणि त्यात कोण बोलू शकले नाही, हेही विचारावे लागेल. ‘इंडिया ६७’ पाहताना हे प्रश्न सहज सुचत नाहीत, आणि म्हणूनच तेथे ते विचारण्याची गरज सर्वाधिक आहे.